अंबारखाना सर्व्हर: पन्हाळ्यावरची धान्यकोठारं खेळात बांधण्याच्या प्रकल्प नोंदी

14 जून 2025, शनिवार

कोल्हापूरच्या शिवाजी पेठेतल्या आमच्या मंडळाच्या हॉलवर जुने संगणक आले. एका कार्यालयाने बदलायला काढले होते, मंडळाच्या अण्णांनी शब्द टाकून मिळवले. सगळ्यांवर लिनक्स टाकून झालं. सुट्टी संपत आली तशी पेठेतली पोरं रोज संध्याकाळी दारात उभी: "ताई, आम्हा सगळ्यास्नी एकाच जगात बांधकाम करता येईल का?" येईल. त्यासाठीच या नोंदी.

मुलांच्या फोनवर माइनक्राफ्ट, म्हणजे घनांनी बांधकाम करायचा खेळ, आहे, पण बहुतेकांकडे बेडरॉक आवृत्ती आणि एकदोघांच्या घरच्या लॅपटॉपवर जावा. दोन्हींचे सर्व्हर, म्हणजे ज्या संगणकावर सगळ्यांचं जग चालतं ते, वेगळे. मधे वेगळी जोडणी बसवल्याशिवाय एकातला माणूस दुसऱ्यात जात नाही. शिवाय खेळ प्रत्येकाला विकत घ्यावा लागतो. ज्याच्या घरी पैसे आहेत तोच आत, असं इथे चालणार नाही. म्हणून लुआंटी निवडलं. पूर्वीचं माइनटेस्ट ते हेच. फिनलंडच्या पेर्टू अहोला यांनी 2010 मध्ये सुरू केलं, ऑक्टोबर 2024 मध्ये नाव बदललं. फुकट आहे, सोर्स खुला आहे, आणि विंडोज, लिनक्स, अँड्रॉइड यांतल्या कशावरूनही एकाच सर्व्हरवर जाता येतं. लुआंटी हे नुसतं इंजिन. त्यावर कोणता खेळ चालवायचा ते सर्व्हरवाला ठरवतो.

15 जून

नाव आणि पासवर्ड यातच दुपार गेली. खेळाडूच्या नावात रोमन अक्षरं, आकडे, आडवी रेघ आणि खालची रेघ एवढंच चालतं, लांबी जास्तीत जास्त 20. खरं नाव, शाळा, पेठ यांतलं काहीही नावात येता कामा नये, हा नियम फळ्यावर कायमचा लिहून ठेवला.

सातवीतल्या एकाला हवं असलेलं नाव एका सर्व्हरवर आधीच कुणीतरी घेतलेलं, दुसऱ्यावर मोकळं. तो गोंधळला, आणि त्यातूनच सगळ्यांना नीट समजावता आलं. लुआंटीत एकच मध्यवर्ती खातं नसतं. प्रत्येक सर्व्हरची खातेवही वेगळी. तिथे पहिल्यांदा नोंदणी केलीत की ते नाव त्या सर्व्हरपुरतं तुमचं. पासवर्ड विसरलात तर मदत फक्त त्या सर्व्हरचा चालकच करू शकतो. म्हणून प्रत्येक ठिकाणी वेगळा पासवर्ड. लॉगिनसाठी एसआरपी नावाची सांकेतिक पद्धत असल्यामुळे पासवर्ड उघडा जात नाही. गप्पांना मात्र तसं कुलूप नाही, आणि एकट्याला पाठवलेला निरोपसुद्धा सर्व्हर चालवणाऱ्याला वाचता येतो. चॅटमध्ये फोन नंबर, पत्ता, फोटो मागणारा कुणीही असो, मला सांगायचं. दोन मुलींच्या आईला हेच सगळं घरी जाऊन सांगून आले. त्यांनी बारकाईने विचारलं, बरं वाटलं.

21 जून, शनिवार

आज पहिल्यांदा सगळे मिळून बाहेरच्या सर्व्हरवर खेळायला.

सर्व्हरची यादी उघडली की प्रत्येक ओळीत किती जण आत आहेत, पिंग (आपला निरोप सर्व्हरपर्यंत जाऊन उत्तर यायला लागणारा वेळ) किती, क्रिएटिव्ह (सामान हवं तेवढं मिळतं असा प्रकार) आहे का, इजा होते का, एकमेकांना मारता येतं का, हे सगळं दिसतं. मुलं गर्दी बघून सर्व्हर निवडतात. मी त्यांना पिंग बघायला लावलं. युरोपातल्या सर्व्हरचा पिंग आपल्याकडून दीडशे ते दोनशे मिलिसेकंदांच्या घरात येतो. बांधकामाला तेवढा चालतो. झेंडा पळवायच्या खेळात मात्र आपला माणूस वळेपर्यंत मेलेला असतो.

पिंग म्हणजे नक्की काय होतं हे एका दगडावर दाखवलं. नववीतल्या मुलीने दगड फोडला, तो लगेच गेला. अर्ध्या क्षणात परत तिथेच. तिने पुन्हा फोडला, पुन्हा आला. दगड फुटला असं आधी तिच्या संगणकाने धरून चाललं आणि चित्रातून काढून टाकला. मग सर्व्हरकडून उत्तर आलं की ही जागा दुसऱ्याच्या मालकीची आहे, आणि दगड परत बसला. खरं काय ते सर्व्हर ठरवतो, आपल्याला दिसतो तो अंदाज. हे तिच्या लगेच लक्षात आलं. मग तिनेच बाकीच्यांना माझ्यापेक्षा चांगलं समजावलं.

पहिल्यांदा आत जाताना पट्टी सरकत राहते आणि मुलं वैतागतात. त्या वेळात सर्व्हर आपली चित्रं, आवाज, आकृत्या पाठवत असतो. मॉड, म्हणजे खेळात भर घालणारे छोटे प्रोग्राम, सर्व्हरवरच चालतात, आपल्याकडे वेगळं काही बसवावं लागत नाही, पण त्यांचं सामान मात्र उतरवून घ्यावं लागतं. एकदा उतरलं की साठवून ठेवलं जातं, पुढच्या वेळी झटक्यात आत. ज्यांचा फोन रोजच्या ठरावीक डेटावर चालतो त्यांनी पहिली भेट हॉलच्या वायफायवरूनच घ्यायची, असं ठरलं.

28 जून

"ताई, हात चालंना झालाय!"

एका सर्व्हरवर सगळ्यांची हीच तक्रार. हिंडता येतं, बघता येतं, बोलता येतं, पण ना दगड फुटतो ना दार उघडतं. त्यांना विशेषाधिकार बघायची कमांड द्यायला लावली. यादीत फक्त 'शाउट'. म्हणजे बोलायची परवानगी आहे, 'इंटरॅक्ट', म्हणजे वस्तूंना हात लावायची, नाही. बऱ्याच सर्व्हरवर नवख्याला इंटरॅक्ट लगेच देत नाहीत. सुरुवातीच्या जागी नियमांची भिंत असते, ती वाचायची, नियमांत कुठेतरी लपवलेला शब्द शोधून टाइप करायचा, मग हात चालतो.

मुलांना तो अन्याय वाटला. मला ही पद्धत फार आवडली. नियम इंग्रजीत होते, आम्ही फळ्यावर एकेक ओळ मराठीत उतरवली: दुसऱ्याच्या बांधकामाला हात लावू नका, रस्त्यावर लाव्हा ओतू नका, झाड तोडलंत तर रोप लावा, चालकाकडे अधिकार मागत बसू नका. हा शेवटचा नियम वाचून एक जण गप्प झाला, कारण आत गेल्या गेल्या त्याने तेच मागितलं होतं. मग आठवीतल्या एकाने घाईत असलेल्या मित्राला सुनावलं, "थांब की भावा, वाच आधी." या प्रकल्पातून मला हेच हवं होतं.

5 जुलै

माझ्या भाच्याचा गेल्या वर्षीचा अनुभव आज मुलांना सांगितला. एका सार्वजनिक सर्व्हरवर तो महिनोन्महिने एक गाव बांधत होता. नदी, पूल, घाट, घाटावर दीपमाळा. एके दिवशी तो सर्व्हर यादीतून गेला. ना सूचना, ना निरोप, ना गावाची प्रत. चालकाने वाईट हेतूने केलं असेल असं मी म्हणत नाही. फुकट चालवणाऱ्याचे पैसे किंवा उत्साह कधीतरी संपतो. पण पोर कितीतरी दिवस त्या खेळाकडे फिरकलं नाही.

लुआंटीचं संपूर्ण जग एका फोल्डरमध्ये असतं. नकाशा एका डेटाबेस फाइलमध्ये, खाती दुसरीत, खेळाडूंचं सामान तिसरीत. ते फोल्डर ज्याच्याकडे, जग त्याच्याकडे. दुसऱ्याच्या सर्व्हरवर पाहुणे म्हणून जायलाच हवं, त्याशिवाय चांगला सर्व्हर कसा चालतो ते कळत नाही. पण जे जीव लावून बांधायचं, त्याचं फोल्डर आपल्याकडे हवं. आमचा स्वतःचा सर्व्हर उभारायचा हे आज पक्कं झालं.

12 जुलै, शनिवार

काय बांधायचं यावर वाद घालायची गरजच उरली नाही. काल मराठा लष्करी स्थापत्य म्हणून बारा किल्ले युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेले, त्यात आपला पन्हाळा. सकाळी पेठेत पेढे वाटत होते. त्यात आजची तारीख: 1660 साली सिद्दी जौहरच्या वेढ्यातून महाराज पन्हाळ्यावरून विशाळगडाकडे निघाले ती याच दिवसांतली रात्र. दरवर्षीप्रमाणे पावनखिंडीच्या वाटेने चालणारे आज पावसात निघालेत, आमच्यातल्या दोघांचे दादाही त्यांत आहेत.

मुलांना अख्खा पन्हाळा हवा होता. मी अडवलं. सात किलोमीटरहून जास्त तटबंदी आहे, एक घन म्हणजे एक मीटर धरला तर सगळी वर्षं त्यातच जातील. शिवाय सर्व्हर खेळाडूभोवतीचं जग साधारण 192 घनांपर्यंतच पाठवतो, म्हणजे एका टोकाला उभं राहून दुसरा तट दिसणारसुद्धा नाही. बऱ्याच ओढाताणीनंतर अंबारखाना ठरला: गंगा, यमुना, सरस्वती ही तीन धान्यकोठारं. एक इमारत पुरी होईल, तिथून पुढे जायचं.

26 जुलै

हॉलमध्ये सर्व्हर सुरू करणं सोपं गेलं. एका संगणकावर सर्व्हर, बाकीच्यांनी 192.168 ने सुरू होणारा हॉलच्या आतल्या जाळ्यातला पत्ता टाकला, पोर्ट (त्या पत्त्यावरचा दरवाजा क्रमांक) 30000, सगळे आत. आरडाओरडा इतका की अण्णा वरून खाली आले.

घरून मात्र कुणालाच येता येईना. राउटरवर 30000 पोर्ट यूडीपीसाठी (माहिती पाठवायची एक पद्धत, टीसीपी ही दुसरी) उघडला तरी नाही. मग राउटरच्या पानावर बाहेरच्या जाळ्याचा पत्ता पाहिला: 100.7x असा. 100.64 ते 100.127 ही पत्त्यांची पट्टी 2012 पासून इंटरनेट कंपन्यांच्या आतल्या वापरासाठी राखून ठेवलेली आहे. म्हणजे एकाच सार्वजनिक पत्त्यामागे कितीतरी घरं बसवलेली. आपण आपल्या राउटरवर पोर्ट उघडतो, पण त्याच्या पुढचा दरवाजा कंपनीच्या ताब्यात असतो, तो आपल्यासाठी उघडत नाही. ज्याला घरून सर्व्हर चालवायचा आहे त्याने सगळ्यात आधी हा पत्ता तपासावा, दिवस वाचतात. आयपीव्ही6, म्हणजे नव्या प्रकारचे पत्ते, असतं तर वाट निघाली असती, हॉलच्या जोडणीला ते नाही. बाहेरून आत यायला मधली वाट (बोगदा) फुकट देणाऱ्या बऱ्याच सेवा टीसीपीच नेतात, आणि लुआंटीला यूडीपी लागतं.

3 ऑगस्ट, रविवार

मुंबईतल्या डेटा सेंटरमधला छोटा व्हर्च्युअल सर्व्हर, म्हणजे मोठ्या संगणकातला एक वाटा, भाड्याने घेतला. एक जीबी मेमरीचा, आमच्या मुलांना पुरेसा. पैसे मंडळाच्या वर्गणीतून. पुढच्या मेळ्यात हिशोब विचारणार हे अण्णांनी आधीच सांगून ठेवलंय, आणि विचारायलाच पाहिजे.

सेटिंग लिहून ठेवते, कारण पुढे हे काम मुलांकडे जाणार आहे.

सार्वजनिक यादीत जाहिरात बंद. रिकामा पासवर्ड बंद. 'डिफॉल्ट पासवर्ड' भरलेला: नवीन खातं उघडताना हा शब्द द्यावाच लागतो, म्हणजे पत्ता बाहेर फुटला तरी परका माणूस नोंदणी करू शकत नाही. आत आलं की प्रत्येकाने मेनूतून लगेच स्वतःचा पासवर्ड बदलायचा. तो बदलेपर्यंत मी शेजारी उभी राहते. नवख्याला मुळात इंटरॅक्ट आणि शाउट दोन्ही मिळतात, आपण फक्त शाउट ठेवलाय. सर्व्हरची मूळ मर्यादा 15 खेळाडूंची आहे, ती तशीच. कोण कुठे काय फोडतो आणि ठेवतो त्याची नोंद चालू. जागा राखण्यासाठी एरियाज मॉड.

सुरुवातीच्या चौकात नियमांची भिंत मुलांनीच उभी केली. लपवलेला शब्द कोणता, हे फक्त भिंत बांधणाऱ्या दोघींना माहीत.

रात्री नऊला पहिली घरून आलेली खेळाडू नववीतली मुलगी. मला फोन: "ताई, मी पोचलो! घरातनं!"

16 ऑगस्ट

दहीहंडी. पोरं नाहीत. शांतपणे एकच काम केलं, पण ते महत्त्वाचं.

नियमांच्या पाट्या मराठीत लिहायला गेलो आणि खेळात अक्षरं मोडून आली. देवनागरी फॉन्ट घालून पाहिला. अक्षरं उमटतात, पण ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या आधी यायच्या ऐवजी नंतर जाऊन बसते, आणि जोडाक्षर जुळायच्या ऐवजी पाय मोडलेलं अक्षर वेगळं, पुढचं वेगळं. 'किल्ला' हा शब्द तुकड्यातुकड्यांत दिसतो. कारण उघड आहे: इंजिन एकेक चिन्ह ओळीने मांडतं, देवनागरीला लागणारी अक्षरजुळणी करत नाही. फॉन्ट कितीही चांगला घातला तरी हे सुटत नाही.

मग पाटीचा मजकूर चित्र म्हणून तयार केला, ते चित्र एका नव्या घनाच्या तोंडावर बसवलं, आणि त्याचा लुआ या प्रोग्रामिंग भाषेत दहापंधरा ओळींचा मॉड केला. सर्व्हर बाकीच्या चित्रांसोबत हेही पाठवतो, त्यामुळे फोनवरून येणाऱ्यालाही वेलांटी जागेवर दिसते. 'गंगा कोठी' ही पहिली पाटी बसली तेव्हा हॉलमध्ये मी एकटीच होते, तरी टाळी वाजवली. चॅटमध्ये ही युक्ती चालत नाही, तिथे मुलं रोमन लिपीतच मराठी लिहितात. इंजिनातच अक्षरजुळणी यावी यासाठी काय करता येईल ते मला मनापासून बघायचं आहे. आपल्या मुलांना स्वतःच्या लिपीत गप्पा मारता याव्यात, ही काही जगावेगळी अपेक्षा नाही.

30 ऑगस्ट

गणपती. मंडपामुळे हॉल बंद. सर्व्हर चालू आहे, कुणी फिरकलेलं नाही.

14 सप्टेंबर, रविवार

सकाळच्या एसटीने पन्हाळा. टेप, वह्या, आणि एका बाबांनी दिलेली गवंड्याची दोरी. गंगा कोठीच्या दाराची रुंदी, भिंतीची जाडी, दोन कमानींमधलं अंतर, सगळं मुलांनी स्वतः मोजलं. उंचीची नोंद 10.7 मीटरची आहे, म्हणजे आमच्या जगात 11 घन. आत गारवा आणि अंधार. एकाने हाक मारली आणि आवाज घुमला, तर सर्व्हरवर असा घुमणारा आवाज घालता येईल का हा प्रश्न परतीच्या एसटीत संपेना.

संध्याकाळी बांधकाम. खेळातला दगड राखाडी, आपला बेसॉल्ट काळपट आणि पावसाने शेवाळलेला. सातवीतल्या मुलाने 16 गुणिले 16 ठिपक्यांचं चित्र घेतलं आणि ठिपका ठिपका करत रंगवलं. आधी सगळं काळं केलं, मग एका कोपऱ्यात हिरवा, दोन ठिपके तांबूस. शेजारी शेजारी घन लावले की तो हिरवा कोपरा ओळीने उठून दिसतो, म्हणून त्याने तीन वेगळी चित्रं केली आणि भिंतीत मिसळून लावली. लांबून पाहिलं तर खरोखर पन्हाळ्याची भिंत. मी त्याला काहीच सांगितलेलं नव्हतं.

28 सप्टेंबर

यमुना कोठीची भिंत फुटलेली सापडली. सगळ्यांचा संशय एकावर, कारण त्याच्याशी आदल्या दिवशी भांडण झालेलं. चॅटमध्ये फार वाईट बोलले. मी आधी सगळ्यांना बाहेर काढलं, मग नोंद तपासली. रोलबॅकची (नोंद बघून झालेलं उलटवायच्या सोयीची) तपासणी कमांड देऊन फुटक्या जागेलगत ठोकलं की कुणी, किती सेकंदांपूर्वी हात लावला ते येतं. नाव निघालं आठवीतल्या मुलीचं. तिचा लहान भाऊ तिच्या फोनवरून आत गेला होता, पाच वर्षांचा. त्याला भिंत फोडायची म्हणजे खेळच.

भिंत त्याच नोंदीवरून परत आणली. ज्याच्यावर आळ आला त्याची सगळ्यांनी समोर बसून माफी मागितली. हे मी करवून घेतलं, आपोआप झालं नाही. आता प्रत्येक कोठी एरियाज मॉडने दोन कोपरे खुणावून राखीव केली आणि तिथे बांधणाऱ्यांची नावं जोडली. छोट्याला चौकाबाहेर एक स्वतःचा तुकडा दिलाय, तिथे त्याने काहीही फोडावं.

12 ऑक्टोबर

सहामाही परीक्षा. आठवडाभर सर्व्हर रात्री आठनंतर बंद, मुलांनी स्वतःच मत टाकून ठरवलं.

बॅकअपची पद्धत बसवली: रविवारी रात्री सर्व्हर थांबवायचा, जगाचं पूर्ण फोल्डर उतरवायचं, मग चालू. चालू असताना फाइल उचलली तर अर्धवट लिहिलेला नकाशा मिळू शकतो. एक प्रत हॉलच्या संगणकावर, एक पेन ड्राइव्हवर अण्णांच्या कपाटात. त्यांनी पेन ड्राइव्हवर चिठ्ठी चिकटवली: अंबारखाना.

19 ऑक्टोबर, रविवार

दिवाळीच्या सुट्टीचा हॉल. बाहेर मातीचा किल्ला चाललाय, आत दुसरा.

अण्णांना आज आत नेलं. त्यांच्यासाठी वेगळं खातं उघडलं, नोंदणीपासून सगळं त्यांनीच केलं, नियमांची भिंत मोठ्याने वाचली, शब्द शोधला. गंगा कोठीच्या गच्चीवर त्यांना उभं केलं. बराच वेळ खाली बघून म्हणाले, "बाळांनो, भोकं कुठाहेत? वरनं धान्य वतायची भोकं हुती की." खरंच, प्रत्येक घुमटाला वर भोक आहे, त्यातून धान्य आत ओतत. आमच्या मोजमापात गच्ची राहिलीच होती. मी गंगा कोठीच्या बांधणाऱ्यांत त्यांचं नाव जोडलं आणि नववीतली मुलगी म्हणाली, "अण्णा, तुम्हीच फोडा." त्यांनी पहिलं भोक फोडलं. वर्गणीचा हिशोब त्यांनी आज विचारला नाही, तरी मी कागद हातात दिला.

26 ऑक्टोबर

मंगळवार पेठेतल्या मुलांनी आत येऊ का विचारलं. वाद झाला. आमच्यातल्या काहींना ते नकोत, कारण फुटबॉलमधलं जुनं वैर. शेवटी ठरलं की त्यांनाही त्याच दारातून यायचं: आधी फक्त शाउट, भिंत वाचायची, शब्द शोधायचा, मग हात. त्यांना सरस्वती कोठी द्यायची, ती अजून पायापर्यंतच आहे.

पुढची कामं: चालकाचे अधिकार माझ्याशिवाय आणखी दोघांना, त्यातली एक नववीतली मुलगी. त्या दोघांना बॅकअप माझ्यासमोर एकदा पूर्ण करायला लावायचा, परत आणूनही दाखवायचा. सरस्वती कोठीची मापं राहिलीत. घुमणाऱ्या आवाजाचं काही जमतं का ते सातवीतला मुलगा बघतोय. डिफॉल्ट पासवर्ड आज रात्री बदलणे.